प्रतिसाद: बोली आडवी येते?
'मराठवाड्याच्या बोलीमुळे आपल्या नटांच्या वाट्याला गावरान गड्याचीच दुय्यम कामं येतात' हे वरचं म्हणणं अर्धंच पटलं. साचा पडतो, खरंय. पण मकरंद अनासपुरे 'वास्तव'मध्ये (१९९९) छोट्या भूमिकेत होते, पुढं त्याच बोलीवर नायक झाले की!

इथं लक्ष्मण देशपांडेंचं नाव कसं नाही आलं? औरंगाबादच्या विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवणारा हा माणूस 'वऱ्हाड निघालंय लंडनला'मध्ये एकटाच ५२ पात्रं करायचा. मान जराशी वाकवली, आवाज चिरका केला की समोर म्हातारी उभी. आता तेच नाटक माजलगावचे संदीप पाठक करतात. मालिकेत चार वाक्यांचं काम करणाऱ्या पोरांनी ते एकदा बघावंच, तेही पुढच्या रांगेतून.