रि: रि: तातडीचं – स्टेटमेंटवरचे विमानाचे चार्जेस कोणाचे?

प्रेषक: भाऊ (खजिनदार)

मंडळी,
रविवारी हिशेब तपासायला द्यायचे आहेत आणि मंडळाच्या कार्डाच्या स्टेटमेंटवरच्या विमानाच्या नोंदी एकाही बिलाशी जुळत नाहीत. कार्यक्रमाला आलेल्या चार कलाकारांच्या तिकिटांचं एजंटचं बिल 4,905.60 डॉलरचं. ती रक्कम कुठेच नाही. आहे ते असं:

1,186.40 चार वेळा. ज्या कंपनीच्या विमानाने कलाकार आले तिचं नाव नाही, दुसरीचंच आहे.
40.00 चार वेळा, कुठल्यातरी ट्रॅव्हलच्या नावाने.
212.38 आणि त्याच्याखाली 6.37.
38.00, तिसऱ्याच विमान कंपनीचे.

आज संध्याकाळी बँकेला फोन करून सगळ्यांवर डिस्प्यूट टाकतो, म्हणजे हे चार्जेस आपले नाहीत अशी तक्रार, आणि कार्ड बंद करतो. त्याआधी कोणाला काही माहीत असेल तर कळवा.

---

प्रेषक: नाना

भाऊ, कृपा करून थांबा. 1,186.40 चार वेळा म्हणजे 4,745.60. त्यात चार वेळचे 40, म्हणजे 160 मिळवा. 4,905.60. तुमचं बिल इथेच पुरं झालं.

एजंटकडून तिकीट काढलं की बऱ्याचदा भाड्याचे पैसे विमान कंपनी थेट कार्डावर लावते आणि एजंट फक्त आपली फी वेगळी घेतो. शिवाय प्रत्येक माणसाचं तिकीट वेगळं, म्हणून चार नोंदी. एजंटच्या दुकानाच्या पाटीवर एक नाव असतं, कार्डाच्या मशीनवर नोंदलेलं दुसरंच असू शकतं. फोन करून विचारा, लगेच सांगेल.

विमान एका कंपनीचं आणि नाव दुसरीचं, हेही बरोबर आहे. ज्या कंपनीने तिकीट दिलं तिचं नाव स्टेटमेंटवर येतं, उडवणारी तिची भागीदार असू शकते. नावाच्या शेजारी 13 आकडी नंबर आहे का बघा. तो तिकिटाचा नंबर. पहिले तीन आकडे कंपनीचे: एअर इंडिया 098, युनायटेड 016, लुफ्तान्सा 220, एमिरेट्स 176. कलाकारांच्या ई-तिकिटावरचा नंबर त्याच्याशी ताडून बघा. मी चाळीस वर्षं तिकिटांच्या कामात काढली, नाव फसवतं, नंबर नाही.

---

प्रेषक: ताई

> सगळ्यांवर डिस्प्यूट टाकतो

भाऊ, हे अजिबात करू नका, हात जोडून सांगते. आईच्या वेळी मी हेच केलं होतं. नाव ओळखीचं वाटलं नाही म्हणून बँकेत तक्रार टाकली, आणि कंपनीने आईचं परतीचं तिकीट रद्द केलं. तिला ते मुंबई विमानतळावर काउंटरवर कळलं. 71 वर्षांची बाई रात्री दीड वाजता दोन बॅगा घेऊन उभी होती. मी इथून फोनवर होते, ते मला अजून विसरता येत नाही.

आपल्या चौघा कलाकारांची परतीची फ्लाइट मंगळवारी आहे. नेवार्कच्या विमानतळावर तबलजींना असं उभं करायचं का?

---

प्रेषक: वहिनी (कार्यक्रम समिती)

212.38 माझे आहेत. म्हणजे मंडळाचेच, पण भरले मी. जादा बॅगेचे पैसे आधीच ऑनलाइन भरले, मुंबईच्या काउंटरवर महाग पडले असते म्हणून. पावती मी व्हॉट्सअ‍ॅपवर टाकली होती, मेलवर टाकायची राहिली. खालचे 6.37 माहीत नाहीत.

---

प्रेषक: नाना

6.37 म्हणजे 212.38 चे 3 टक्के. वहिनींनी कंपनीच्या भारतातल्या साइटवर रुपयांत पैसे भरले असणार. परदेशातला व्यवहार म्हणून बँकेने आपली फी लावली. जादा बॅग, सीट यांचा कागद तिकिटाहून वेगळा निघतो, त्याचा नंबरही वेगळा. म्हणून भाऊंना तो तिकिटांत सापडला नसेल.

---

प्रेषक: भाऊ (खजिनदार)

वहिनी, पैशांबद्दल माझी तक्रार नाही. पण कार्डाचा नंबर कार्यक्रम समितीकडे कसा आला? मागच्या गणपतीनंतर ठरलं होतं की कार्ड फक्त खजिनदाराकडे राहील. आणि जादा बॅग कशाला? पेटी तर आपली इथलीच होती.

---

प्रेषक: वहिनी (कार्यक्रम समिती)

बॅग पेटीची नव्हती, तबला-डग्ग्याची होती. आणि नंबर तुम्हीच मला दिलात, हॉलचं डिपॉझिट भरायच्या दिवशी. तुम्ही तेव्हा भारतात होता. प्रत्येक वेळी तुम्ही उठेपर्यंत थांबले असते तर कार्यक्रम झाला नसता.

---

प्रेषक: अण्णा

तबला चेक-इन करू द्यायलाच नको होता. थंडीने पुडी (तबल्यावरचं कातडं) उतरते, मग कार्यक्रमाच्या दिवशी दोन तास सूर लावण्यात जातात. मी पुण्याहून आणला तेव्हा तबला हातात आणि डग्गा कपड्यांत गुंडाळून बॅगेत. जाताना तरी तबला केबिनमध्ये घ्यायला सांगा. माझ्याकडे जाड खोळ आहे, हवी तर आणून देतो.

---

प्रेषक: ताई

अण्णा, खोळ नक्की आणा. पण 38.00 राहिले ना? ते कोणाचे? मी नाही, आमच्या घरातलंही कोणी नाही.

---

प्रेषक: वहिनी (कार्यक्रम समिती)

समितीत सगळ्यांना विचारलं. कोणाचेच नाहीत. त्या कंपनीने आपल्यापैकी कोणी गेलेलंही नाही.

---

प्रेषक: नाना

मग तक्रार त्या एकाच नोंदीवर करा. चोरलेला नंबर चालतो का हे बघायला आधी छोटी रक्कम लावतात. भाऊ, विमान कंपनीचा नंबर इंटरनेटवर शोधून फोन करू नका, त्यात खोटी कस्टमर केअर फार असतात. कार्डाच्या मागचाच नंबर लावा.

आणि उशीर नको. स्टेटमेंट पाठवल्यापासून 60 दिवसांत लेखी तक्रार, हा अमेरिकेतला नियम घरगुती क्रेडिट कार्डासाठी आहे. आपलं खातं संस्थेच्या नावावर आहे, त्याला तो आपोआप लागू होत नाही. बँकेच्या कराराच्या कागदात मुदत काय आहे ते वाचा.

नवीन कार्ड आलं तरी जुनं मंगळवारपर्यंत कापू नका. ज्या कार्डाने तिकीट काढलं ते दाखवा, असं काही कंपन्या काउंटरवर म्हणतात.

---

प्रेषक: भाऊ (खजिनदार)

बँकेशी बोललो. फक्त 38.00 वर तक्रार नोंदवली, जुना नंबर बंद केला. नवीन कार्ड आठवड्याभरात येईल. चारही तिकिटांचे नंबर स्टेटमेंटशी जुळले. एजंटशीही बोललो, 40 ची फी त्याचीच, कंपनी त्याच्या भावाच्या नावावर नोंदलेली आहे.

जुनं कार्ड माझ्याकडे आहे. मंगळवारी मी स्वतः विमानतळावर येतो, कोणी मागितलं तर तिथे दाखवता येईल. अण्णा, गाडी तुमची की माझी ते सांगा, तबला हातात घ्यायचा तर मागची सीट मोकळी लागेल.

वहिनी, नंबर मीच दिला होता, ते लक्षात आलं. 212.38 ची पावती शनिवारी रात्रीपर्यंत मेलवर पाठवा. 6.37 मी बँकेच्या फीच्या खात्यात घालतो.