कॉलेजचे सामने आणि बिअर : आपले अनुभव लिहा

अमेरिकेतल्या विद्यापीठांच्या मैदानांवर बिअर विकत घेणे आणि पिणे या विषयावर मराठीत कोणी सविस्तर लिहिल्याचे माझ्या पाहण्यात नाही, म्हणून हा धागा काढत आहे. दर वर्षी पुण्या-मुंबईहून, नागपूर-कोल्हापूरहून शेकडो मुले-मुली इथे शिकायला येतात आणि आल्यानंतर दोन-तीन आठवड्यांतच फुटबॉलच्या (म्हणजे अमेरिकन फुटबॉलच्या) शनिवारी, सामन्याआधी वाहनतळावर रंगणाऱ्या खाण्यापिण्याच्या मेळाव्यात उभी राहतात. त्यांना वर्ग, वसतिगृह आणि बँक खाते यांची माहिती सगळे देतात, पण या शनिवाराविषयी त्यांच्याशी सहसा कोणी बोलत नाही.

थोडी पार्श्वभूमी सांगतो. पूर्वी बहुतेक विद्यापीठांच्या मैदानांत दारू मिळायची ती फक्त महागड्या बंदिस्त कक्षांमध्ये. साध्या तिकिटावर बसणाऱ्याला शीतपेयावरच भागवावे लागे. हे चित्र हळूहळू पालटले. विद्यापीठांच्या खेळांचे नियमन करणाऱ्या एनसीएए या संस्थेने २०१६ मध्ये बेसबॉल आणि सॉफ्टबॉलच्या अंतिम स्पर्धांत बिअरविक्रीचा प्रयोग केला आणि २०१८ मध्ये आपल्या सर्वच अजिंक्यपद स्पर्धांना ती मुभा दिली. दक्षिणेकडच्या विद्यापीठांच्या साउथईस्टर्न कॉन्फरन्स या क्रीडासंघटनेने सर्वसाधारण आसनांसाठीची बंदी २०१९ मध्ये उठवली. माझे मत आधीच सांगून टाकतो : मैदानात उघडपणे, नियमाने आणि सावकाश प्यायलेली बिअर ही बाहेर घाईघाईने पोटात ढकललेल्या दारूपेक्षा कितीतरी बरी. मात्र हे मत अनुभवांवर तपासून घ्यावे, असे मला मनापासून वाटते. ज्यांनी विकत घेतली, विकली, नाकारली किंवा दुसऱ्यांना सांभाळले, त्या सर्वांनी लिहावे.

मॉर्गनटाउन, वेस्ट व्हर्जिनिया

धागाकर्त्यांच्या मताला आमच्या गावाइतका चांगला पुरावा दुसरीकडे मिळणार नाही. मी इथे शिकायला आलो तेव्हा मैदानात बिअर नव्हती, पण मध्यंतराला बाहेर जाऊन परत आत येण्याची सोय होती. त्यामुळे व्हायचे असे की मध्यंतराची वीस मिनिटे सुरू झाली की हजारो लोक वाहनतळाकडे धावत सुटत, गाडीच्या डिकीतून बाटली काढत, आणि जे एरवी दोन तासांत प्यायले असते ते पंधरा मिनिटांत संपवून परत आपल्या जागेवर येत. तिसऱ्या क्वार्टरमध्ये (सामन्याच्या चार भागांपैकी मध्यंतरानंतरच्या पहिल्या भागात) आमच्या आजूबाजूला जी भांडणे आणि उलट्या चालत, त्यांचे वर्णन इथे नको.

२०११ मध्ये क्रीडासंचालक ऑलिव्हर लक यांनी दोन निर्णय एकदम घेतले. मैदानात सर्वांसाठी बिअर विकायला सुरुवात केली आणि बाहेर जाऊन परत येण्याची सोय बंद केली. दारू कमी व्हावी म्हणून दारू विकायची, हे ऐकून गावातल्या पुष्कळ लोकांनी कपाळाला हात लावला होता. प्रत्यक्षात सामन्याच्या दिवशीच्या पोलिसी तक्रारी घटल्या, आणि विद्यापीठाला पहिल्याच वर्षी पाच लाख डॉलरच्या वर उत्पन्न झाले. मी त्या वर्षी प्रेक्षकांत बसलेलो होतो. सगळ्यात डोळ्यांत भरण्यासारखी गोष्ट म्हणजे आमच्या रांगेतली माणसे शेवटपर्यंत सामना पाहू लागली. रांगेत उभे राहा, ओळखपत्र दाखवा, दामदुप्पट पैसे मोजा आणि पेला सांभाळत पायऱ्या चढा, एवढे सगळे केल्यावर माणूस ती बिअर घोट घोट पितो.

बोल्डर, कोलोराडो

मॉर्गनटाउनच्या मित्रांचे म्हणणे पटते, पण चित्राची दुसरी बाजूही नोंदवली पाहिजे. आमच्या फोल्सम फील्ड या मैदानावर पूर्वी बिअर विकली जात असे आणि विद्यापीठाने १९९६ मध्ये ती बंद केली. त्यानंतर अटका, मारामाऱ्या आणि मैदानातून बाहेर काढल्या जाणाऱ्या प्रेक्षकांची संख्या चांगलीच घटली, असे पुढे प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसून आले. म्हणजे एका ठिकाणी विक्री सुरू करून गोंधळ कमी झाला आणि दुसऱ्या ठिकाणी ती बंद करून. मला वाटते, मॉर्गनटाउनमध्ये खरे काम बिअरने केले नसून मध्यंतराचे दार बंद झाल्याने केले असावे. दोन्ही निर्णय एकाच वेळी घेतले गेल्यामुळे श्रेय कोणाला द्यायचे हे ठरवणे कठीण आहे, आणि म्हणूनच "विक्री सुरू करा, सगळे आपोआप सुधारेल" असे सांगणाऱ्यांवर मी सहजासहजी विश्वास ठेवत नाही.

धागाकर्ता

बोल्डरकरांचा मुद्दा वजनदार आहे आणि तो मला मान्य आहे. माझ्या मतात एवढी दुरुस्ती करतो की विक्रीबरोबर दाराचा नियमही हवा.

ऑस्टिन, टेक्सास

मी बिअर विकण्याच्या बाजूने लिहिते. पुष्कळांना ठाऊक नसते की मैदानांतले कित्येक खाद्यपेयांचे ठेले पगारी नोकर चालवत नाहीत. शाळांची वाद्यपथके, चर्च, विद्यार्थ्यांची मंडळे असे गट स्वयंसेवक पुरवतात आणि विक्रीतला ठरावीक वाटा त्या गटाच्या खात्यात जमा होतो. आमच्या विद्यार्थी मंडळाने गणपती आणि दिवाळीच्या कार्यक्रमांसाठी असाच निधी उभा केला. बिअरच्या खिडकीवर उभे राहण्यासाठी टेक्सासच्या मद्य आयोगाने मान्य केलेले प्रशिक्षण घ्यावे लागते. ते ऑनलाइन होते आणि त्याचे प्रमाणपत्र दोन वर्षे चालते.

तिथे शिकवलेले नियम प्रत्यक्षात असे दिसतात : एका वेळी एका माणसाला दोनच डबे. डबा झाकण उघडूनच द्यायचा, म्हणजे तो भरलेला कोणी मैदानात भिरकावू शकत नाही आणि पिशवीत साठवूही शकत नाही. वय एकवीस पूर्ण आहे ना, यासाठी ओळखपत्र प्रत्येक वेळी, प्रत्येकाचे पाहायचे, मग समोरचा माणूस दहा मिनिटांपूर्वीच येऊन गेलेला असला तरी. आणि ज्याला आधीच चढली आहे त्याला नाही म्हणायचे. हे शेवटचे काम सर्वांत अवघड. माझी वरिष्ठ बाई मला सांगे की डोळ्यांकडे नंतर पाहा, आधी हात पाहा. कार्ड काढताना बोटे चाचपडायला लागली की पाण्याची बाटली पुढे कर आणि आवाज न चढवता बोल. मी तसेच करत असे, आणि बहुतेक लोक मुकाट्याने पाणी घेऊन जात.

एक प्रसंग आपल्या विद्यार्थ्यांनी लक्षात ठेवण्यासारखा आहे. सप्टेंबरमधल्या एका सामन्यात शेजारच्या खिडकीवर एक मुलगी भारतीय पासपोर्ट घेऊन उभी होती. जन्मतारीख १२/०४ अशी छापलेली. आपल्या दृष्टीने १२ एप्रिल. म्हणजे तिला एकवीस पूर्ण होऊन पाच महिने झाले होते. खिडकीवरच्या अमेरिकन मुलाने मात्र महिना आधी वाचला, ४ डिसेंबर असा अर्थ लावला आणि तिला नाकारले. ती बिचारी कानकोंडी होऊन रांगेतून बाजूला होत होती. मी वरिष्ठांना बोलावून पासपोर्ट दिल्याची तारीख दाखवली. तिथे पहिला आकडा बाराच्या पुढचा होता, तेव्हा दिवस आधी छापला जातो हे लगेच सिद्ध झाले. तिला बिअर मिळाली, आणि त्या मुलानेही तिची मनापासून क्षमा मागितली. इथले वाहनचालक परवान्याचे किंवा राज्याचे ओळखपत्र शक्य तितक्या लवकर काढून घ्या. पासपोर्ट गर्दीत हरवण्याची भीतीही त्यामुळे उरत नाही.

तिसरा क्वार्टर संपला की विक्री बंद. त्याच्या आधीच्या पाच मिनिटांत खिडकीवर जी झुंबड उडते तिला तोंड देताना डोळ्यांत तेल घालून ओळखपत्रे पाहावी लागतात, कारण हुशार मुले नेमकी तीच वेळ साधतात.

प्रोव्हो, युटा

आमचे ब्रिगहॅम यंग विद्यापीठ मॉर्मन चर्चचे, तिथे दारू नाहीच. मैदानात नाही, आवारात नाही, विद्यार्थ्यांच्या आचारसंहितेतही नाही. साठ हजार माणसे पूर्ण शुद्धीत राहून कानठळ्या बसवणारा आरडाओरडा करतात, हे मी स्वतः अनुभवले आहे. एवढेच सांगायचे होते.

ॲन आर्बर, मिशिगन

मी आलो तेव्हा एकोणीस वर्षांचा होतो. इथे एकविसाव्या वर्षापर्यंत दारू घेणे कायदेशीर नाही. १९८४ च्या केंद्रीय कायद्याने राज्यांच्या महामार्ग-निधीला कात्री लावण्याची तरतूद केली आणि सगळ्या राज्यांनी वय एकवीस केले. पण कायदा एक आणि स्टेडियमजवळच्या गोल्फच्या मैदानावरचा शनिवार वेगळा. सामना दुपारी बाराला असेल तर सकाळी आठपासून हिरवळीवर गाड्या लागलेल्या, शेगड्यांवर सॉसेज भाजले जात असलेले, आणि कोणीही अनोळखी माणूस आग्रहाने लाल पेला हातात देणार. त्या पेल्याला नाही म्हणणे अपमानाचे ठरत नाही, हे मला एका वयस्कर माजी विद्यार्थ्याने सांगितले. त्यांनी मला गरम सायडर (सफरचंदाचा बिनदारूचा रस) दिले आणि तासभर जुन्या सामन्यांच्या गोष्टी सांगितल्या. नव्याने येणाऱ्या मुलांना मी हेच सांगतो की हातात काहीतरी धरलेले असले की दुसरे कोणी पेला पुढे करत नाही.

आमच्या स्टेडियममध्ये १,०७,६०१ माणसे बसतात, पण राज्याच्या कायद्यामुळे कित्येक वर्षे आत बिअर नव्हती. २०२३ मध्ये गव्हर्नर ग्रेचेन व्हिटमर यांनी नव्या कायद्यावर सही केली. आमच्या विद्यापीठाने आधी बास्केटबॉल आणि आइस हॉकीच्या सामन्यांत विक्री करून पाहिली आणि २०२४ पासून फुटबॉललाही ती लागू केली. तोपर्यंत मी एकवीस ओलांडले होते. खरे सांगायचे तर बाकांवर इतकी दाटी असते की पेला धरून बसणे जिकिरीचे होते. मी आता फक्त हॉकीच्या सामन्यात बिअर घेतो, कारण तिथे दोन पिरियडच्या मध्ये निवांत उभे राहून प्यायला वेळ मिळतो.

नॉक्सव्हिल, टेनेसी

आमच्याकडे सांगलीहून बाबा आले होते, वय चौऱ्याहत्तर. नेलँड स्टेडियम टेनेसी नदीच्या काठावर आहे आणि सामन्याच्या दिवशी लोक चक्क होड्यांतून येतात. १९६२ मध्ये जॉर्ज मूनी नावाचे समालोचक रहदारी टाळायला होडीने आले आणि तेव्हापासून ही प्रथाच पडली. काठाला एकाला एक लावलेल्या होड्या, त्यांवर नारिंगी झेंडे आणि बर्फाच्या पेट्या पाहून बाबा हरखून गेले.

आत मी दोन बिअर मागितल्या, तर विकणाऱ्या मुलीने बाबांचेही ओळखपत्र मागितले. मला संकोच वाटला, पण बाबांनी शांतपणे पासपोर्ट काढून दिला. "आपल्याकडे कायद्याने परवाना लागतो, पण कोणी विचारत नाही. इथे विचारतात, हे बरे आहे," असे ते मला म्हणाले. पेला प्लॅस्टिकचा, बिअर पाणचट आणि किंमत सांगलीतल्या दोघांच्या जेवणाएवढी. तरीही आयुष्यात पहिल्यांदा मुलाशेजारी बसून, चारचौघांत, काहीही न लपवता बिअर प्यायल्याचे त्यांना अप्रूप वाटले. घरात या विषयावर आम्ही कधी बोललोच नव्हतो. चकण्याला शेंगदाणे मिळाले, आणि बाबांनी पूर्ण सामनाभर एकच पेला पुरवला.

कोलंबस, ओहायो

मी इथे आपत्कालीन विभागात डॉक्टर आहे. ओहायो स्टेडियममध्ये २०१६ पासून सर्वांना बिअर मिळते, आणि त्या उत्पन्नातून विद्यापीठाने जास्तीचे पोलीस नेमले व विद्यार्थ्यांच्या मद्यपानावरील संशोधनालाही पैसे दिले, हे मला स्तुत्य वाटते. पण आमच्याकडे येणारे रुग्ण स्टेडियममधले नसतात. ते सामना सुरू होण्याच्या आधी, सकाळी दहा-साडेदहाला येतात. बहुतेक एकोणीस-वीस वर्षांचे, उपाशीपोटी व्होडकाचे घोट घेतलेले. मैदानात ज्यांना मिळणार नाही तीच मुले आधीच भरपूर पिऊन घेतात. तेव्हा आतल्या विक्रीने या वयाच्या मुलांचा प्रश्न सुटलेला नाही, हे धागाकर्त्यांनी ध्यानात घ्यावे.

नोव्हेंबरच्या थंडीत आणखी एक धोका असतो. दारूने त्वचेच्या रक्तवाहिन्या रुंदावतात, अंगात ऊब आल्यासारखी वाटते आणि प्रत्यक्षात शरीरातली उष्णता भराभर बाहेर पडते. जॅकेट काढून नाचणारा मित्र दिसला तर त्याला ते परत घालायला लावा. कोणी हाक मारूनही उठत नसेल तर कुशीवर वळवा आणि ९११ या आपत्कालीन क्रमांकाला फोन करा; पोलीस येतील या भीतीने अर्धा तास वाट पाहणारे मित्र मी पाहिले आहेत, आणि तो अर्धा तास फार महागात पडू शकतो. मदत मागणाऱ्या अल्पवयीनाला संरक्षण देणारे कायदे अनेक राज्यांत आहेत.

वेस्ट लाफायेट, इंडियाना

इथल्या परड्यू विद्यापीठात मराठी विद्यार्थी पुष्कळ आहेत, म्हणून गाडी आणि व्हिसा यांविषयी लिहितो. दारू पिऊन गाडी चालवताना अटक झाली, तर खटल्याचा निकाल लागण्याआधीच अमेरिकेचे परराष्ट्र खाते व्हिसा रद्द करू शकते. २०१५ पासून हे धोरण आहे. आमच्या ओळखीच्या एका मुलाच्या बाबतीत तसेच झाले. त्याचे शिक्षण इथे चालू राहिले, पण बहिणीच्या लग्नाला घरी गेलो तर परत येता येईल की नाही या धास्तीने तो गेलाच नाही.

तेव्हापासून आमच्या घरात सामन्याच्या आदल्या रात्रीच ठरते की गाडी कोण चालवणार, आणि तो माणूस दिवसभर एक थेंबही घेत नाही. अनेक मैदानांवर अशा चालकाने नाव नोंदवले की त्याला मनगटपट्टी आणि फुकट शीतपेय मिळते. प्रवेशद्वाराजवळच्या मदतकक्षात विचारावे. जाताना पारदर्शक पिशवीच न्यावी, कारण दुसरी आत नेऊ देत नाहीत. आणि चपटी खिशात लपवून नेण्याच्या भानगडीत कोणी पडू नये, आत बिअर मिळत असताना तर मुळीच नाही.