शब्दचर्चा : ‘रियांशी’ म्हणजे नक्की काय?

आत्याबाई : भाचीचं बारसं रविवारी आहे. नाव ठरलंय, रियांशी. भाऊ हिमांशू, वहिनी सुप्रिया. सुप्रियातलं ‘रिया’ आणि हिमांशूतलं ‘अंशू’ घेऊन दोघांनीच जुळवलंय. पत्रिकेत चित्रा नक्षत्राचं चौथं चरण, म्हणजे अक्षर ‘री’; तेही साधलं. नावाबद्दल माझी तक्रार नाही. घोळ वेगळाच आहे. पाळण्यामागच्या फलकावर नावाखाली अर्थ छापायचाय आणि फलकवाल्याला उद्या दुपारपर्यंत मजकूर हवाय. बाळांची नावं देणारी संकेतस्थळं चाळली. एकावर ‘लक्ष्मीचा अंश’, दुसऱ्यावर ‘सूर्यकिरण’, तिसऱ्यावर ‘गाणारी’, चौथ्यावर नुसतंच ‘आनंदी’. एकाच नावाचे हे चार अर्थ कसे? कानात नाव मी सांगणार, त्यामुळे अर्थ विचारायला सगळ्या बायका माझ्याकडेच येणार. कृपया मदत करा.

शाळामास्तरीण : अभिनंदन आत्याबाई. तीस वर्षं संस्कृत शिकवलं, त्यामुळे पहिला हात मी मारते.

‘रिया’ असा शब्द संस्कृतात नाही. ‘प्रिया’ आहे. त्याचं मूळ ‘प्री’ हा धातू, अर्थ खूश करणे, संतुष्ट करणे. प्रीती, प्रिय, प्रेम ही सगळी त्याच घरातली. तुमच्या भावा-वहिनीने ‘सुप्रिया’ कापताना सुरी नेमकी जोडाक्षराच्या मधोमध चालवली. ‘प्’ आईकडे राहिला आणि ‘रिया’ लेकीकडे आली. धातूचं डोकंच उडालं म्हणा ना. उरलेल्या धडाला कोशात अर्थ शोधून मिळणार नाही.

ऋग्वेदाच्या पहिल्याच सूक्तात ‘रयि’ हा शब्द आहे, अर्थ धन. संकेतस्थळवाल्यांची लक्ष्मी तिथून ओढून आणलेली असावी. पण ‘रयि’चं ‘रिया’ कुठल्याही नियमाने होत नाही.

आता दुसरा अर्धा भाग, आणि इथे मात्र माल चोख आहे. लोक ‘अंश’ आणि ‘अंशु’ यांची सरमिसळ करतात. अंश म्हणजे भाग, वाटा. अपूर्णांकातला अंश आणि छेद आठवा, किंवा तापमानाचे अंश. अंशु म्हणजे किरण. ज्याचे किरण थंड तो हिमांशु, म्हणजे चंद्र. शीतांशु, सुधांशु हेही चंद्रच. सहस्रांशु झाला की सूर्य. शिवांशमध्ये ‘अंश’ आहे, हिमांशूमध्ये ‘अंशु’. (मराठीत शब्दाच्या शेवटचा उकार दीर्घ लिहितो म्हणून आपला ‘हिमांशू’.) तुमच्या भाचीला हा तुकडा बाबाकडून आलाय, म्हणून तिच्यात वाटा नाही, किरण आहे. ‘लक्ष्मीचा अंश’ त्यामुळे दोन्ही बाजूंनी बाद : लक्ष्मीही नाही आणि अंशही नाही.

अंशु शब्दाला आणखी एक पदर आहे. तंतू, धागा असाही त्याचा अर्थ होतो. त्यावरूनच ‘अंशुक’, म्हणजे तलम वस्त्र. शाकुंतलात ‘चीनांशुक’ येतं ते रेशमी कापड. पाळण्यातल्या पोरीला हा अर्थ मला किरणापेक्षाही आवडतो, पण ते जाऊ दे.

संधी बघा : रिया + अंशु. आ आणि अ मिळून आ, विद्या + अर्थी = विद्यार्थी तसंच. म्हणजे ‘रियांशु’. सांधा अगदी निर्दोष. शेवटी ‘शु’चं ‘शी’ केलं तिथे थोडी अडचण आहे. उकारान्त विशेषणांचं स्त्रीलिंग संस्कृतात मृदु-मृद्वी, तनु-तन्वी असं होतं. त्या चालीने ‘रियांश्वी’ झालं असतं. ते आजीला म्हणता आलं नसतं. मराठी माणसाने सरळ ई लावली, मुलगा-मुलगी, तसं. मराठी म्हणून चालेल, संस्कृत म्हणून मी पास करणार नाही.

डोंबिवलीकर : बाई, तुम्ही संस्कृतात शिरलात आणि मराठीतली गंमत राहूनच गेली. ‘रियांशी’ हे मराठीत आधीपासूनच एक रूप आहे! तृतीयेचा प्रत्यय ‘शी’. मुलांशी, लोकांशी, रियांशी. माझ्या मुलीच्या वर्गात तीन रिया आहेत. “तिन्ही रियांशी भांडण झालंय” हे वाक्य आमच्या घरी मागच्याच आठवड्यात बोललं गेलं. नाव ऐकणारा माणूस पुढच्या शब्दाची वाट बघत बसतो, रियांशी… काय? बोललात? भांडलात?

आणि खऱ्या रियांशीशी बोलायचं झालं तर ‘रियांशीशी’. दोनदा शी. पहिलं वर्षभर घरात ‘शी’ हा शब्द दिवसातून किती वेळा येतो ते बाळ झालेल्या कुठल्याही घरात विचारा. “रियांशीनं शी केली” हे मी काव्य म्हणून सांगत नाहीये.

शाळेत गेल्यावर पोरं ‘ऐंशी-नव्वद’ करणार हेही धरून चाला. मी स्वतः नावावरून चिडवला गेलेला माणूस आहे, म्हणून सांगतो.

आत्याबाई : डोंबिवलीकर, हे वाचून वहिनी हसून हसून दमली, टाके दुखतात म्हणाली. पण नाव बदलणार नाही म्हणते.

तळटीप : थोडी बाहेरची माहिती. ‘रिया’ नावाचा उच्चार जगात बऱ्याच ठिकाणी सापडतो, आणि प्रत्येक ठिकाणी अर्थ वेगळा. ग्रीक पुराणात ‘ऱ्हिया’ ही झ्यूसची आई. तिच्या नावाचा शनीला एक चंद्र आहे, कॅसिनीने १६७२ मध्ये शोधलेला. (घरात कुणी साडेसातीवाले असतील तर शनीचा उल्लेख टाळा.) अरबी-उर्दूत मात्र रिया म्हणजे ढोंग, दिखाऊ भक्ती. ‘रियाकार’ म्हणजे ढोंगी. उर्दू जाणणाऱ्या शेजाऱ्याने भुवया उंचावल्या तर दचकू नका. हा शब्द वेगळा, तुमचा तुकडा वेगळा, आवाज योगायोगाने सारखा.

असे योगायोग कधी फायद्याचेही होतात. आदित्य चोप्रा आणि राणी मुखर्जी यांनी २०१५ मध्ये मुलीचं नाव ‘आदिरा’ ठेवलं, आदित्यचा ‘आदि’ आणि राणीचा ‘रा’. हिब्रूत अदीरा म्हणजे बलवान. आणि मराठी कानाला? ‘अधीरा’. एकच नाव, तीन घरं.

खाडीवाला : वहिनी कोकणातल्या आहेत का? असतील तर ‘रिया’चा एक अस्सल अर्थ माझ्याकडे आहे. भूगोलाच्या पुस्तकात ‘रिया किनारा’ असतो. समुद्राची पातळी वाढून किंवा जमीन खचून नदीच्या खोऱ्याचं तोंड पाण्याखाली जातं, आणि समुद्र फाट्यासारखा आत जमिनीत शिरतो. शब्द मूळचा स्पेनच्या वायव्येकडचा, गॅलिशियाचा, तिथे अशा खाड्या पुष्कळ. आपला कोकण किनाराही याच जातीचा, म्हणून एवढ्या खाड्या. दाभोळ, जयगड, विजयदुर्ग, नाव घ्याल तिथे खाडी.

भरतीच्या वेळी आमच्या पडवीतून बघावं, पाणी उलट्या दिशेने वर चढत येतं, आणि नदी कुठली, समुद्र कुठला हे सांगता येत नाही. गोडं पाणी आणि खारं पाणी एकमेकांत. दोन नावांच्या मिसळीला याहून चांगलं चित्र मला सुचत नाही.

आत्याबाई : वहिनी मालवणची! तिला वाचून दाखवलं. तिने दोनदा वाचायला लावलं.

शाळामास्तरीण : खाडीवाले, सुंदर. पण आत्याबाई, फलकावर ‘रियांशी : खाडीवरचा किरण’ छापू नका हं. चित्र म्हणून छान आहे, व्युत्पत्ती म्हणून खोटं. आईबापांनी स्पेनचा किनारा डोळ्यांपुढे ठेवून नाव जुळवलेलं नाही. नाव आधी झालं, अर्थ नंतर चिकटवला, की पुढे तोच अर्थ कुणीतरी कोशातला म्हणून छापतो. ते ‘गाणारी’ असंच कुठून तरी आलंय.

उंबरठा : मला एक प्रश्न पडलाय. ‘प्रियांशी’ का नाही? सुप्रियाचा ‘प्रिया’ अख्खा राहतो, धातूला डोकं राहतं, ‘प्रिय किरण’ असा सरळ अर्थ लागतो, आणि तिन्ही रियांची भानगडही सुटते.

आत्याबाई : हेच मी पहिल्या दिवशी म्हटलं होतं. पण अक्षर ‘री’. प्रियांशी म्हटलं की ‘प’ येतो, आणि चित्राच्या पहिल्या दोन चरणांची अक्षरं पे, पो. ती रास कन्या. हिची रास तूळ. आमची आई या बाबतीत हटत नाही. म्हणून ‘प्’ गेला.

शाळामास्तरीण : अच्छा! म्हणजे सुरी पंचांगाने चालवली. मग मी माझे शब्द थोडे मागे घेते.

जुन्या नियमांतही हे नाव तपासून बघितलं मी, गंमत म्हणून. पारस्कर गृह्यसूत्र म्हणतं, मुलीच्या नावात विषम अक्षरं असावीत आणि शेवट आकारान्त. रि-यां-शी, तीन अक्षरं, अर्धे गुण. मनुस्मृतीत यादी आहे : उच्चाराला सोपं, कठोर नसलेलं, अर्थ स्पष्ट असलेलं, मनोहर, मंगल, शेवटचा स्वर दीर्घ. (मनूचं बाकी काय काय आहे त्यात मी पडत नाही.) सोपं आहे, दीर्घ आहे, मनोहर म्हणायला हरकत नाही. ‘विस्पष्टार्थ’ या एका कलमात मात्र नापास.

डोंबिवलीकर : आणि सोपं? आपण ‘अंश’ म्हणताना मध्ये वकार येतो, संशय, वंश, सिंह म्हणताना येतो तसा. घरी ती ‘रियांव्शी’ होणार. दिल्लीवाला ‘रियान्शी’ म्हणणार. इंग्रजी स्पेलिंगमध्ये वाय घालायचा की नाही हे आत्ताच ठरवून टाका. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, नाव मात्र वर्षभरात विनाशुल्क घालता येतं, तेवढा वेळ आहे. आमच्याकडे दाखल्यावर एक स्पेलिंग आणि शाळेत दुसरं गेलं, त्याचे हेलपाटे अजून चाललेत.

उंबरठा : नावाच्या नोंदीवरून आठवलं. १ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्यांच्या सरकारी कागदपत्रांत महाराष्ट्रात आता बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि मग आडनाव, असा क्रम आहे. म्हणजे तुमच्या भाचीचं पूर्ण नाव ‘रियांशी सुप्रिया हिमांशू’ आणि पुढे आडनाव. एकदा मोठ्याने म्हणून बघा. रिया, प्रिया, मांशू, यांशी. हजेरी घेणाऱ्या बाईंना अडखळल्यासारखं होईल.

पण मला त्यात वेगळंच काही दिसतं. माझ्या आजीचं माहेरचं नाव मला ती गेल्यावर कळलं. लग्नात ताटात तांदूळ पसरून त्यात अंगठीने नवं नाव लिहिलं, आणि जुनं तिथेच संपलं. सासरच्यांनी ठरवलेलं, बहुतेक आजोबांच्या नावाला शोभेल असं. आईचं नाव बदललं नाही, पण माझ्या कुठल्याच दाखल्यावर ते नव्हतं. आणि इथे पोरीच्या नावात आधी आई येते, मग बाबा. अर्थ लागो न लागो, क्रम मला आवडला.

तळटीप : टांझानिया हा देशही असाच झालाय, १९६४ मध्ये, टांगानिका आणि झांझिबार जोडून. ‘टांझ’चा अर्थ काय असं तिथे कुणी विचारत नसावं. जोडनावाला कोश नसतो, त्याला जन्मकथा असते. ‘कशापासून झालं’ विचारा, उत्तर मिळतं. ‘म्हणजे काय’ विचारलंत की संकेतस्थळं सुरू होतात.

आत्याबाई : उशिरा लिहिते आहे, बारसं झालं. सगळ्यांचे आभार.

फलकावर शेवटी अर्थ छापलाच नाही. मोठ्या अक्षरांत ‘रियांशी’, आणि खाली दोन ओळींत ‘सुप्रिया’ आणि ‘हिमांशू’. त्यातलं ‘रिया’ आणि ‘शू’सकट ‘अंशू’ फलकवाल्याने गुलाबी केलं, बाकीचं राखाडी. ‘हिमांशू’त ‘मा’ अर्धा गुलाबी कसा करायचा यावर तो मला तीनदा फोन करत होता. काना आणि अनुस्वार गुलाबी, ‘म’ राखाडी, असं जमवलं अखेर. शाळामास्तरीणबाई, तुमची संधी त्याला फोनवर समजावताना माझी पुरेवाट झाली. ‘विद्यार्थी’चं उदाहरण दिल्यावर कळलं त्याला.

“कुर्रर्र” करून कानात नाव सांगितलं आणि पाठीत धपाटे बसायला लागले. एका मावशींनी धपाटा घालता घालताच विचारलं, “अर्थ काय गं?” मी फलकाकडे बोट दाखवलं. त्या वाचून म्हणाल्या, “अगं बाई, मग उरलेल्याचं काय?”

उरलंय ‘सुप्’ आणि ‘हिम्’. भाऊ म्हणतो दुसऱ्याचं बघू. वहिनीने त्याच्याकडे असं बघितलं की विषय तिथेच संपला.