ऐदी म्हणजे नक्की काय?

सुदामानगर, इंदूर: एक शंका. मुलगा दहावीत, रविवारी अकरा वाजले तरी रजईतून बाहेर नाही. काल पोहे गार झाले तसं मी वैतागून म्हटलं ऊठ रे ऐद्या, तर सासूबाई (माहेर ग्वाल्हेरचं) भडकल्याच, म्हणे ऐदी निकम्म्या माणसाला म्हणतात, लेकराला झोपाळू म्हणावं. आमच्याकडे तर ऐदी म्हणजे साधा आळशी. बरोबर कोण? आणि याला उठवायला एखादा जालीम शब्द असेल तर तोही सांगा, 'आळस झटक' म्हटलं की हा नुसती कूस बदलतो.

दांडियाबाजार, बडोदा: अहो हा गुजराती शब्द, एदी. इथे सर्रास म्हणतात. झोपाळूला ऊंघणशी.

लष्कर, ग्वाल्हेर: गुजराती कुठला! मुघल फौजेत अहदी म्हणून शिपाई असायचे, थेट बादशहाचे, हुकूम आला तर हलायचं नाहीतर बसून पगार खायचा. त्यावरून हिंदीत अहदी, मराठीत ऐदी. सासूबाईंचं बरोबर आहे, त्यात फुकटचं खाणं आलंच.

रामबाग, इंदूर: मला तर तो ऐतखाऊमधल्या ऐतपासून आलेला वाटतो. आमची आजी दोन्ही शब्द एका दमात म्हणायची, वर पाठीत धपाटा.

मराठीप्रेमी: पण अरबी-फारसी शब्द हवाच कशाला? आलस्यापासून आलेला आळशी घरचाच आहे ना? महाराजांनी फारसीला संस्कृत प्रतिशब्द देणारा राजव्यवहारकोश उगाच करवून घेतला का?

लष्कर: मग रजई काढा, दप्तरपण काढा, दोन्ही फारसी. पोरगा थंडीत कुडकुडत रिकाम्या हाताने शाळेत जाईल.

मांजलपूर, बडोदा: शब्द राहू द्या हो, तो आळशी कशावरून? वयात येताना झोपेचं घड्याळच पुढे सरकतं, आणि 13 ते 18 वयाला 8 ते 10 तास झोप लागते. रात्री झोपतो किती वाजता?

सुदामानगर: एक तरी होतोच. शनिवारी तर ह्यांनीच नेलं होतं सराफ्यात, रात्रीच्या खाऊगल्लीत, गराडू खायला.

लष्कर: घ्या! आधी बाबांना ऐदी म्हणा.

दांडियाबाजार: गराडू म्हणजे रताळू ना? उंधियूत घालतो ते?

रामबाग: छे, रताळं गोड असतं. गराडू तळून वर जिरावन मसाला भुरभुरतात.

दांडियाबाजार: तुमचं रताळं वेगळं हो, आमचं रताळू म्हणजे जांभळा कंद, मराठीत कोनफळ.

रामबाग: गराडू आतून पांढरं असतं.

मराठीप्रेमी: आणि ते गराडू की गराडा?