सह्यांच्या गोधड्या
युद्धकाळात बायका गोधड्या शिवत त्या सैनिकांच्या पांघरुणासाठीच, असा एक समज आहे. पहिल्या महायुद्धातल्या अमेरिकेत मात्र जरा उलटा प्रकार होता. लोकरी ब्लँकेटं आघाडीवर जावीत म्हणून घरच्यांनी गोधड्या पांघराव्यात, असा प्रचार चालायचा. शिवाय रेड क्रॉससाठी सह्यांच्या गोधड्या निघाल्या. थोडे पैसे द्यायचे, की आपलं नाव पांढऱ्या कापडावर लाल दोऱ्याने भरून मिळायचं. 'मॉडर्न प्रिसिला' मासिकाने तर डिसेंबर १९१७ मध्ये नमुनाच छापला, एका गोधडीवर हजार डॉलर जमू शकतात म्हणून! तयार गोधडीचा वर पुन्हा लिलाव किंवा सोडत. आपल्या वर्गणीवाल्यांनाही हे सुचलं नसतं. यातल्या काही आज संग्रहालयांत आहेत. त्यांवरच्या नावांत लोक आपले पूर्वज शोधतात.