मदत हवी आहे: बिअरच्या पिठातल्या ओनियन रिंग्ज पाच मिनिटांत मऊ पडतात

१ कप मैदा, १ कप लागर बिअर, चमचाभर खायचा सोडा, मीठ. पीठ तासभर आधी भिजवतो. कढईतून काढल्यावर कुरकुरीत असतात, ताटात जाईपर्यंत लोळागोळा. शिवाय चावलं की कांदा सरकन बाहेर येतो आणि हातात पोकळ कवच राहतं. उपाय सांगा. थर्मामीटर नाही.

प्रतिसाद १
कांदा निसटतो तो पापुद्र्यामुळे. प्रत्येक रिंगच्या आतल्या बाजूला पारदर्शक पापुद्रा असतो, त्यावर पीठ धरत नाही. १ सेंमी जाड चकत्या करून अर्धा तास बर्फाच्या पाण्यात ठेवा, मग पापुद्रा नखाने सुटतो. काम किचकट आहे, पण टाळू नका. फडक्यावर पूर्ण कोरड्या करा, कॉर्नफ्लोअरमध्ये घोळवून झटका, मगच पिठात बुडवा. चकत्या याहून जाड नकोत. कांदा कच्चा राहिला की दातांनी तुटत नाही, अख्खा ओढला जातो. अलिबागचा पांढरा कांदा चवीला गोड, पण रिंगसाठी लहान पडतो.

प्रतिसाद २
तासभर भिजवणं हाच घोळ! तेवढ्यात बिअरमधला गॅस उडून जातो. पाऊण कप मैदा, पाव कप तांदळाची पिठी, १ टीस्पून बेकिंग पावडर, अर्धा टीस्पून मीठ कोरडंच मिसळून ठेवा. सोडा काढून टाका, जास्त झाला की रिंग्ज तेल पितात. तेल तापल्यावरच फ्रिजमधली गार बिअर ओता, पाऊण कपापासून सुरुवात करून लागेल तशी. जेमतेम ढवळा, गुठळ्या राहू द्या. घोटलंत तर ग्लुटेन (मैद्यातल्या प्रथिनांचं चिकट जाळं) तयार होऊन कवच चिवट होतं. अल्कोहोल पाण्याआधी उडतं, म्हणून कवच लवकर सुकतं. लागर ठीक आहे, आयपीए (इंडिया पेल एल, कडवट बिअर) नको.

प्रतिसाद ३
तेल १८० ते १९० अंश हवं. पिठाचा थेंब टाका: तळाशी बसला तर तेल थंड, किंचित बुडून लगेच वर आला तर बरोबर. एका वेळी तीन-चारच रिंग्ज, दोन-तीन मिनिटं, मध्ये एकदा उलटायच्या. काढल्यावर जाळीवर ठेवा. टिश्यूवर एकावर एक रचल्या तर वाफ कोंडते आणि सगळं मुसळ केरात. वरचं मीठ अगदी वाढताना.

धागाकर्ता
धन्यवाद! मुलांसाठी बिअरशिवाय जमेल का?

प्रतिसाद २
गार क्लब सोडा (बाटलीतलं फसफसणारं सोडावॉटर) बिअरच्याच मापाने. रंग फिका येतो, चिमूटभर साखर घाला. त्याचा फेस बिअरइतका टिकत नाही, त्यामुळे पीठ दोन वेळा अर्धं-अर्धं कालवा.