कोगनोळी नाक्यावर गाड्या तपासून पोरी सापडत नसतात

दूधगंगाकाठ
परवा एका सज्जनानं लिहिलं होतं की मानवी तस्करी तीन महिन्यांत बंद होते, फक्त महाराष्ट्र-कर्नाटक सीमेवरच्या कोगनोळी नाक्यावर एकूण एक गाडी तपासा आणि कायद्यात फाशी आणा. खाली नुसत्या टाळ्या. दोन दिवस गप्प बसले, आज राहवेना.

मी निपाणीत नऊ वर्षं एचआयव्हीच्या प्रकल्पात वस्तीवर काम केलं. डिकीत कोंबलेली, तोंडाला पट्टी बांधलेली पोरगी एकही बघितली नाही. पोरगी येते बसमधनं, खिडकीशी बसून, हातात चुरमुऱ्याची पुडी, शेजारी 'मावशी'. आता तर कर्नाटकच्या शक्ती योजनेत आधार कार्ड दाखवलं की निपाणीपर्यंत तिकीटही फुकट. नाक्यावरचा पोलीस काय तपासणार, चुरमुरे?

फाशीवाल्यांनी भारतीय न्याय संहितेचं कलम १४३ एकदा वाचावं. पोरगी अल्पवयीन असेल तर कमीत कमी १० वर्षं, वर जन्मठेपेपर्यंत. एकापेक्षा जास्त अल्पवयीन असतील तर १४ पासून सुरुवात. पोलीस किंवा सरकारी माणूस सामील असेल तर मरेपर्यंत आत. २०१३ पासून हेच आहे, तेव्हा कलम ३७० होतं. शिक्षा कमी होती म्हणून कुणी सुटलं असं मी तरी बघितलं नाही.

सुटतात कसे ते सांगते. अथणी तालुक्यातली पोरगी, वय १६, महाराष्ट्रातल्या एका शहरात धाडीत सापडली. तिथल्या बालकल्याण समितीनं घरचा अहवाल मागवला. इकडनं गेला तो कन्नडात. तिकडं वाचणारं कुणी नाही. भाषांतर करून पाठवा म्हणून तिकडनं पत्र आलं, ते मराठीत, ते इकडं कुणी वाचलं नाही. पाच महिने गेले. आई चार वेळा जाऊन आली, चार खेपांना चार शेळ्या विकल्या. आणि पोरीला नेणारी बाई? दीड महिन्यात जामिनावर घरी. एकदा त्याच आईच्या दारात उभी राहून विचारत होती, "पोरगी आली काय गं?"

कायदा दूधगंगा, म्हणजे राज्याची हद्द, ओलांडताना नेमका कुठं पडतो ते आधी बघा. फाशीचं मग बोलू.

निवृत्त हवालदार
ताई, तुमचं दुःख खरं, पण सगळं खात्यावर ढकलून मोकळं होऊ नका. पिटाखाली, म्हणजे वेश्याव्यवसायासाठीच्या तस्करीविरोधी कायद्याखाली, धाड घालायची तर आमच्यासारखा हवालदार चालत नाही, इन्स्पेक्टरच्या खालचा नको. बरोबर दोन महिला पोलीस पाहिजेत. पंच म्हणून त्या भागातली प्रतिष्ठित माणसं, त्यात निदान एक बाई. रात्री ११ वाजता कुठली प्रतिष्ठित बाई पंच म्हणून त्या गल्लीत येते, मला दाखवा. मी हात जोडतो.

एकदा आरोपी आणायला परराज्यात गेलो. जीप नाही, बसनं. टीए, म्हणजे प्रवासभत्ता, आठ महिन्यांनी आला, लॉजचं बिल नामंजूर. आणि कोर्टात काय झालं? पोरगी फिरली. पहिल्या बाकावर आई बसलेली, पोरगी आईकडं बघून म्हणाली, मी कुणाला ओळखत नाही. आता ह्यात पोलिसांनी काय करायचं सांगा. आईबापच विकतात हो, हे कुणी बोलत नाही.

विडीवाली
हवालदार, बोलते मी. आधी विड्या वळत होते, मग धंद्यात आले, आता दोन्ही नाही. तुमच्यासारख्यांची धाड माझ्यावर पडली तेव्हा मी ३४ वर्षांची, दोन पोरांची आई. ओरडून सांगितलं, मला कुणी आणलं नाही. लिहून घेतलं 'पीडिता'. तीन आठवडे सुधारगृहात, पोरं शेजारणीकडं. तुमच्या कागदात माझी सुटका झाली होती. त्याच रात्री शेजारच्या खोलीतली खरी लहान पोरगी मागल्या दारानं गेली, तिच्यामागं कुणी पळालं नाही. कारण संख्या भरली होती.

१९ मे २०२२ ला सुप्रीम कोर्टानं सांगितलंय, सज्ञान बाई स्वतःच्या मर्जीनं असेल तर तिला धाडीत पकडायचं नाही, त्रास द्यायचा नाही. ते पत्र तुमच्या स्टेशनात आलं होतं काय?

निवृत्त हवालदार
आलं असेल. मी २०१९ ला रिटायर झालो. आणि मर्जी मर्जी म्हणता, १४ व्या वर्षी आणलेल्या पोरीची ३४ व्या वर्षी मर्जी असते, हे मला कळत नाही. कळणारही नाही. माझं शिक्षण कमी.

विडीवाली
शिक्षणाचा संबंध नाही. मी २६ व्या वर्षी आले, नवरा मेल्यावर. विचारलं असतंत तर सांगितलं असतं.

खानापूरचा
एवढं रामायण कशाला? ताईंनी स्वतःच लिहिलंय की अहवाल कन्नडात गेला. विषय संपला! तालुक्यात १५ टक्क्यांच्या वर भाषिक अल्पसंख्याक असले तर परिपत्रकं त्यांच्या भाषेत द्या, हे केंद्राचं किती जुनं धोरण आहे. आमच्या हातात सातबाऱ्याऐवजी कन्नड उतारा, फिर्याद कन्नडात, सही कर म्हणतात. २००४ पासून सीमेचा दावा सुप्रीम कोर्टात पडून आहे. बेळगाव कर्नाटकाला देणारा महाजन अहवाल गाडल्याशिवाय आमच्या लेकीबाळी सुरक्षित नाहीत.

दूधगंगाकाठ
आलात? वाटच बघत होते. मागच्या आठवड्यात रस्त्याच्या खड्ड्यांच्या धाग्यावरही महाजन अहवाल होता. पोरीची आई कन्नड बोलणारी होती हो, तिला मराठीतलं पत्र कळलं नाही. तरी मान्य करते, आज पहिल्यांदा तुमचा मुद्दा विषयाला धरून निघाला. फिर्याद देणाऱ्याला वाचता येईल अशी प्रत मिळाली पाहिजे, दोन्ही बाजूंना.

डोंगरचा भक्त
कुणीतरी येऊन आता देवदासींच्या नावानं यल्लम्माला मध्ये ओढणार, म्हणून आधीच सांगतो. आई कुणाला विकत नाही. उदं गं आई उदं. सौंदत्तीला लाखो माणूस श्रद्धेनं जातं, पेपरवाल्यांना फक्त जोगतिणी दिसतात.

चिकोडी कोर्ट
कुणी ओढलं नव्हतं, तुम्हीच आणलंत. आता आणलंच आहे तर ऐका. कर्नाटकचा देवदासी प्रतिबंधाचा जुना कायदा १९८२ चा. त्यात मणी बांधून पोरगी देवीला सोडणाऱ्याला ३ वर्षांपर्यंत शिक्षा होती, पण आईबाप किंवा नातेवाईक असेल तर २ ते ५. म्हणजे हवालदारसाहेबांचं 'आईबापच विकतात' हे कायद्याला तेव्हापासून ठाऊक आहे. १९९३-९४ आणि २००७-०८ अशा दोन पाहण्या झाल्या, मिळून राज्यात ४६,६६० बायका नोंदल्या गेल्या. पेन्शन त्या यादीवर मिळायची. यादीबाहेर राहिली ती कागदावर देवदासीच नव्हती. आणि श्रद्धेचं म्हणाल तर ह्याच जिल्ह्यातल्या सीताव्वा जोडट्टी स्वतः ह्यातनं बाहेर पडल्या, 'मास' संस्थेत हजारो माजी देवदासींना एकत्र आणलं, २०१८ ला पद्मश्री मिळाली. त्यांना विचारा आई काय म्हणते.

ट्रॅक्टरवाला अण्णा
सगळ्यांचं ऐकून घेतलं. आता माझं पण ऐका. माणसं नेणं-आणणं, पैसे देऊन माणूस ताब्यात घेणं ह्याला तुम्ही तस्करी म्हणता ना? मग सगळ्यात मोठी तस्करी आमच्या ऊस वाहणाऱ्या वाहनमालकांची होते! ८ कोयत्यांसाठी, म्हणजे ऊसतोडीच्या ८ जोड्यांसाठी, टोळी आणणाऱ्या मुकादमाला साडेसात लाख उचल, म्हणजे आगाऊ पैसे, दिली. कारखान्याकडनं घेतली माझ्या नावावर, बॉन्ड माझा, चेक माझे, उतारा माझा. दसरा झाला, दिवाळी झाली, टोळी काय आली नाही. मुकादमाचा फोन बंद. गावाला गेलो तर बायको म्हणते दुसऱ्या कारखान्याला गेले. तीन जणांकडनं उचल घेतलेली पठ्ठ्यानं. ट्रॅक्टर दारात उभा, हप्ता चालू. आमच्यासाठी कुठला पिटा?

गेवराईहून
अण्णा, माझ्या आईबापानं अथणी-चिकोडीकडं ऊसतोडीचे १४ पट्टे, म्हणजे हंगाम, केले. मी फडात जन्मलो. मुकादम फसवतो हे खरंय, आम्हालाही फसवतो. उचल तुम्ही देता लाखाची, आमच्या हातात पडते साठ हजाराची. पट्टा पडताना हिशेब निघतो लाखाचाच. फिटलं नाही तर पुढच्या साली तिथंच. ह्याला काय म्हणायचं?

ट्रॅक्टरवाला अण्णा
म्हणायचं काय, व्यवहार म्हणायचं. घेतलं तर फेडायला नको? आम्ही काय धर्मशाळा उघडलीय? मागच्या साली दोन कोयते मध्येच पळाले. तिसऱ्याला पळू दिलं नाही. नवरा-बायको आणि पोरगं, गोठ्याशेजारच्या खोलीत ठेवलं ११ दिवस, मुकादम पैसे घेऊन येईल म्हणून. मारहाण नाही, काही नाही. दोन वेळचं जेवण आमच्या घरचं. उलट बाहेर थंडी होती.

चिकोडी कोर्ट
अण्णा, हे लिहिलेलं आधी पुसा. ११ दिवस म्हणालात. १० दिवसांच्या वर डांबून ठेवलं तर कलम १२७ खाली ५ वर्षांपर्यंत. जेवण दिलं हा बचाव होत नाही.

ट्रॅक्टरवाला अण्णा
मी माझं म्हणालो काय? आमच्या पाहुण्याचं सांगत होतो.

विडीवाली
पाहुण्याच्या गोठ्यात थंडी पण वाजते वाटतं.

दूधगंगाकाठ
अण्णा, तुम्ही ज्याला व्यवहार म्हणताय तो १९७६ पासून गुन्हा आहे. वेठबिगारीचा कायदा. असलं कर्ज फेडायची जबाबदारीच उरत नाही, आणि ते वेठबिगारीचं कर्ज नव्हे हे सिद्ध करायचं पैसे देणाऱ्यानं. कोठा चालवणाऱ्या घरवालीकडं पोरीच्या नावावर चिकटवलेली उचल आणि कोयत्याच्या नावावरची उचल, मला दोन्ही वह्या सारख्याच दिसतात. घरवालीसुद्धा हेच सांगायची, "जेवायला मीच घालते."

ट्रॅक्टरवाला अण्णा
मला घरवालीच्या पंगतीला बसवलंत! शिकलेल्या बायकांची हीच बोंब. शेतात पाय टाकायचा नाही, चहात साखर मात्र दोन चमचे. उद्यापासून ऊस तुम्ही तोडा.

निवृत्त हवालदार
अण्णा शांत. ताई, तुम्हीही जरा आवरतं घ्या. १९७६ च्या कायद्यात शिक्षा ३ वर्षं आणि दंड २ हजार रुपये. २ हजार! साडेसात लाखाच्या व्यवहाराला. मी ३१ वर्षांत त्या कायद्याखाली एक गुन्हा दाखल झालेला बघितला नाही. तक्रार आली की साहेब म्हणायचे, पैशाची देवाणघेवाण, दिवाणी मॅटर.

गेवराईहून
दिवाणी मॅटर. माझी आई बाळंतीण होऊन चौथ्या दिवशी मोळ्या बांधायला लागली, मुकादम म्हणाला खाडा पडतोय. तेही दिवाणीच असंल. आमच्याकडं महामंडळ काढलं, गोपीनाथ मुंडेंच्या नावानं. महाराष्ट्रातला कारखाना टनामागं १० रुपये देतो म्हणे. माझ्या बापानं तोडला कर्नाटकातला ऊस. ते टन कुणाच्या हिशेबात? इकडं म्हणतात तिकडं काम केलं, तिकडं म्हणतात तुम्ही इकडचे नव्हेत.

खानापूरचा
बघा, परत सीमाप्रश्न!

दूधगंगाकाठ
हो बाबा. परत.

चिकोडी कोर्ट
वेठबिगारीत शिक्षा कमी असली तरी मुक्ती प्रमाणपत्राचा उपयोग असतो. डीसी, म्हणजे जिल्हाधिकारी, ऑफिसनं ते दिलं तर ३० हजारांपर्यंत तातडीची मदत मिळते, खटला संपायची वाट बघायची नाही. मोठी रक्कम मात्र शिक्षा लागल्यावर, म्हणजे कधी ते विचारू नका. गावचा जिल्हा वेगळा, कामाचा वेगळा, पत्रव्यवहारात माणूस पुढच्या पट्ट्याला निघून जातो. सगळ्या देशाला एक यंत्रणा असावी म्हणून २०१८ ला तस्करीविरोधी विधेयक लोकसभेत मंजूर झालं होतं. राज्यसभेत पोचायच्या आत लोकसभेची मुदत संपली. २०२१ चा मसुदा संसदेत मांडलाच नाही. विडीवाली ताईंसारख्या बऱ्याच जणींना तो नकोच होता म्हणा.

विडीवाली
नकोच होता. त्यातही सज्ञान बाईच्या मर्जीला किंमत नव्हती. पोरींसाठी करा, आम्हीच पहिल्या येऊन साक्ष देतो. वस्तीत नवी पोरगी आली की आधी कुणाला कळतं? आम्हाला. पण सांगायला गेलं की आमचंच नाव लिहून घेतात.

निवृत्त हवालदार
हे मात्र खरं. मला ज्या दोन पोरी सापडल्या, दोन्ही वेळा खबर वस्तीतल्या बाईनंच दिली होती. नाव मी कागदावर घेतलं नाही. नियमात बसत नव्हतं.

ट्रॅक्टरवाला अण्णा
रात्री लिहिलेलं रागात होतं. त्या पाहुण्याच्या बायकोनं सातव्या दिवशीच सांगितलेलं, ती बाई भाकऱ्या थापायला मदत करते, पोरगं आपल्या नातवाबरोबर खेळतंय, मला बघवत नाही, सोडा. पाहुणा आणखी चार दिवस हटून बसला. मुकादम आलाच नाही. शेवटी सोडलंच की. पैसे गेले ते गेले. म्हणून मी काय तस्कर झालो नाही. तेवढं ताईंनी लक्षात ठेवावं.

आता वकीलसाहेब, एक सांगा. मुकादमावर फिर्याद द्यायचीय. पैसे दिले चिकोडीत, माणूस बीडचा, सध्या आहे सोलापूरकडं. इथं गेलो तर म्हणतात बीडला जा. बीडला गेलो तर म्हणतात पैसे दिले तिथं जा. दोन खेपा झाल्या. भाषेचा घोळ वेगळाच, माझी करारपत्रं कन्नडात.

दूधगंगाकाठ
अण्णा, अथणीच्या त्या बाईनं चार खेपा केल्या होत्या.

चिकोडी कोर्ट
झिरो एफआयआर मागा. नव्या नागरिक सुरक्षा संहितेत कलम १७३ आहे, गुन्हा कुठल्याही हद्दीत घडलेला असो, फिर्याद घ्यावीच लागते. घेत नसतील तर एसपींना टपालानं पाठवा. आणि गोठ्याचा विषय त्यात काढू नका.

निवृत्त हवालदार
मागा, मागा. मिळाली तर फोटो टाका इथं, मला पण बघायचाय.